समुद्राकडची भिंत

किल्लीला रंग लागला होता. अंगठ्याच्या ठशाएवढा, करडा, अजून ओला. दाराशेजारच्या लहानशा लोखंडी पेटीचे आकडे जुळवून लिनेटने ती बाहेर काढली तेव्हा बोटांना तो आधी गार लागला, मग चिकट, आणि मग दिसला. ती तशीच उभी राहिली. पायाशी धुतलेल्या चादरींची दोन गाठोडी, एका हातात साफसफाईची बादली, आणि दुसऱ्या हाताच्या अंगठ्यावर आता तोच रंग — रंगारी पाणी घ्यायला आत गेले असतील, पेटीचे आकडे त्यांना पाहुण्यांना घरं भाड्याने देणाऱ्या कंपनीनेच दिले असतील, त्यात काही गैर नव्हतं... पण ते सोमवारी येणार होते. आज शनिवार होता.

कोपऱ्याला वळलं की समुद्राकडची भिंत. ती वळली नाही. कुलूप उघडून आत आली, गाठोडी जिन्याशी टाकली, स्वयंपाकघरातली किटली उचलून तिच्या बुडाखालचं वर्तुळ पुसलं. शनिवारी रेनवेलमध्ये हे असंच असतं, प्रत्येक घरात कुणीतरी बाई कुणाचीतरी वर्तुळं पुसत असते; सकाळी जुने पाहुणे जातात, चहाच्या सुमाराला नवे येतात, आणि मधल्या तेवढ्या वेळात गाव पुन्हा गावातल्या लोकांचं होतं, म्हणजे ज्या बायका इथे लहानाच्या मोठ्या झाल्या त्या बादल्या घेऊन आपापल्या जुन्या घरांत शिरतात. मासे धुरवायच्या शेडमध्ये आता कॉफी मिळते. चॅपलमध्ये बिऱ्हाडं झाली आहेत, आणि जिथे उभं राहून बाबा बेसूर गायचे तिथे कुणाची तरी न्हाणी आहे. लिनेटला याचं फारसं दुःख कधी झालं नव्हतं. तालुक्याचं ग्रंथालय बंद झालं तेव्हाही झालं नव्हतं, आणि ती तर तिची नोकरी होती. गोष्टी बंद होतात. पुस्तकांतून तिने ते इतक्या वेळा वाचलं होतं की प्रत्यक्षात घडताना ते दुसऱ्यांदा घडल्यासारखं वाटायचं. पण बाबांच्या घरात परक्यांसाठी अंथरूण घालायला ती आज पहिल्यांदा आली होती, आणि किल्लीला रंग होता.

वर बाबांची खोली. पलंग नवा, गालिचा नवा, कोपऱ्यात कंपनीने ठेवलेला एक लाकडी समुद्रपक्षी, ज्याच्यासारखा पक्षी या किनाऱ्यावर कुणी पाहिलेला नाही. खिडकी मात्र तीच, वर-खाली सरकणारी, जड, खाऱ्या हवेने फुगलेली. तिने ती खांदा लावून हातभर वर ढकलली. रंगाचा वास आत आला, शिडी सरकल्याचा आवाज आला, आणि खाली कुणीतरी शीळ घालत होतं. शीळ! बाबा असते तर पायातला बूट काढून खिडकीतून फेकला असता, वाऱ्याला हाका मारतोस का म्हणून... समोर समुद्र होता, शिशासारखा, फुगलेला. भिंत दिसत नव्हती. या खिडकीच्या चारी बाजूंना ती भिंतच होती, आणि तरी आतून ती कधी दिसायची नाही. ती दिसायची समुद्रावरून, आणि समुद्रावर लिनेट कधी गेली नव्हती. बाईने नावेत पाऊल टाकायचं नाही हे इथे कुणी कुणाला सांगत नसे, विस्तवात हात घालू नये हे जसं सांगावं लागत नाही तसं. आईचं नाव नावेवर होतं, 'एल्सपेथ', निळ्यावर पांढऱ्या अक्षरांत, दरवर्षी नव्याने रंगवलेलं. आई तिच्यात कधी बसली नाही.

'एल्सपेथ' आज बाहेर होती. गावातली शेवटची नाव. बाबा आणि ऑस्विनकाका दोघांची होती ती. बाबा गेल्यापासून म्हातारे ऑस्विनकाका एकटेच खेकड्यांचे पिंजरे उचलायला जातात, एकटेच येतात. उजाडायच्या आत गेले असतील. तेव्हा भिंत पांढरी होती — निदान पांढुरकी.

रेनवेलसमोर खडकांची लांब कड आहे, भरतीत बुडणारी, आणि तिच्यात एक फट. गाव तिला दार म्हणतं. किनाऱ्यालगतच्या खडकात डांबर फासलेला काळा खांब रोवलेला आहे, आणि त्याच्या मागे, चढावर, गावातलं हे शेवटचं घर. समुद्रावरून येताना काळा खांब पांढऱ्या भिंतीच्या मधोमध दिसला की नाव दारासमोर आहे. खांब भिंतीच्या बाहेर सरकला की ती खडकाच्या तोंडी आहे. एवढंच. हे कुठे लिहून ठेवलेलं नाही. शेवटच्या घरात जो राहील त्याने दर वसंतात समुद्राकडच्या भिंतीला चुना काढायचा. बाबा काढायचे, त्यांच्या आधी त्यांचे वडील काढायचे... आणि करड्या भिंतीवर काळा खांब —

तिने चादर झटकली. चादर हवेत फुगली, पलंगावर बसली, तिने कोपरे खोचले. ऑस्विनकाकांकडे स्क्रीन आहे. जावयाने बसवून दिलेली, नकाशा दाखवणारी, जिच्यावर ते टोपी अडकवतात. आहे ना स्क्रीन. मग उशीची खोळ चढवताना तिला गुरुवारचं दुकान आठवलं, मॅव्हिसमावशी, ऑस्विनकाकांची बायको, काउंटरला टेकून सांगत होती की नावेतली बॅटरी बसली, स्क्रीन मुकी, वायरलेस मुका, नवी बॅटरी पुढच्या आठवड्यात येणार. "तोवर आमचा म्हातारा आणि तो वरचा देव, दोघंच आपसात बोलणार. आणि दोघांनाही कमी ऐकू येतं." सगळे हसले होते. लिनेटही हसली होती. एका हातात दुधाची बाटली होती आणि दुसऱ्या हातात रंगांच्या नमुन्यांचा कागद, जो तिने सगळ्यांसमोर काउंटरवर पसरून ठेवला होता, 'ओली पाटी' नावाच्या चौकोनावर पेनाने गोल केलेला.

म्हणजे माहीत होतं. मला माहीत होतं का?... सगळे तुकडे माहीत होते. ते एकमेकांशेजारी ठेवायचं काम मी रविवारवर टाकलं होतं. रविवारी जाऊन सांगायचं, काका, उद्यापासून भिंत करडी, आता स्क्रीन चालू होईपर्यंत जाऊ नका. सांगणार होते मी. सोमवारचं काम शनिवारी होईल हे मला कसं माहीत असणार... असं ती स्वतःशी म्हणाली, आणि ते खरंही होतं, आणि तरी त्या खरेपणाला काल रात्रीच्या मासळीसारखा थोडा वास होता.

कारण रविवारची ती इतकी वाट बघत नव्हती. ती वाट बघत होती कुणीतरी काहीतरी बोलण्याची. फेब्रुवारीत बाबा गेले. मार्चमध्ये भिंतीवर हिरवी बुरशी चढली. एप्रिल आला, कोरडा, लख्ख, चुना काढायला यापेक्षा चांगला महिना सापडला नसता, आणि रेनवेलमधला प्रत्येक माणूस घराजवळून जाताना त्या भिंतीकडे बघायचा, मग लिनेटकडे बघायचा, आणि हवेबद्दल बोलायचा. कुणी विचारलं नाही: भिंतीचं काय? कुणी म्हटलं नाही: शिडी दे, मी काढतो. ज्या माणसाने चाळीस-पन्नास वर्षं त्यांना घरी आणलं त्याची भिंत हिरवी होत होती आणि लोक म्हणत होते, आज जरा ऊन आहे, नाही? मेमध्ये तिने घर कंपनीला भाड्याने दिलं, आणि कंपनीच्या बाईने फोनवर गोड आवाजात विचारलं, बाहेरचा रंग तुम्हीच निवडा ना, तुमच्या भावना त्यात असतील... तेव्हा लिनेट म्हणाली, ओली पाटी. आपल्या आवाजातली शांतता तिला तेव्हा आवडली होती. नमुन्याचा कागद दुकानात पसरतानाही तीच शांतता होती. बघा. आता तरी कुणी नको म्हणा. मावशीने कागदाकडे बघितलं, गोल केलेल्या चौकोनाकडे बघितलं, आणि म्हणाली, "जूनमध्ये एवढी थंडी कधी बघितलीस?"

खालची शीळ थांबली. वाऱ्याने खिडकीची काच थरथरली, आणि लिनेटने नजर वर केली तर क्षितिज नव्हतं. ईशान्येकडून धुकं येत होतं, धुकं म्हणजे सरळ भिंतच, खालून पांढरी, वरून उन्हाने पिवळी, पाण्यावरून सरकत येणारी. त्याच्या अलीकडे कडेवर लाटा फुटायला लागल्या होत्या. भरती अर्धी झाली होती. याच वेळेला नाव येते.

ती जिना उतरली.

रंगारी शिडीजवळ हात पुसत होते. दोघे शहरातले, एक ठेंगणा, एक उंच. ठेंगण्याने हसून मान हलवली.

"सोमवारी पाऊस सांगितलाय मॅडम, म्हणून आजच उरकलं. एक हात झाला. जेवून येतो, तोवर ओढून घेईल, मग दुसरा हात."

तिने भिंतीकडे बघितलं. पायापासून छपरापर्यंत, एकही डाग न सोडता... चांगलं काम होतं. खरंच ओल्या पाटीसारखी. मागचं आभाळ आणि भिंत यांच्यात फरकच राहिला नव्हता. घर तिथे होतं, आणि त्याची समुद्राकडची बाजू कुणी पुसून टाकली होती.

"तुमच्याकडे पांढरा आहे?"

"पांढरा?" ठेंगणा उंचाकडे बघून हसला. "पांढरा आता कोण लावतं मॅडम? खिडकीच्या चौकटीपुरता आहे डबाभर. का, पसंत नाही? फोटोत बघा कसं उठून दिसेल."

म्हणायला हवं होतं, थांबा, एक माणूस समुद्रावर आहे. ती म्हणाली, "सावकाश या." आणि त्यांची गाडी चढावरून वर गेली, चॅपलच्या वळणावर दिसेनाशी झाली, तेव्हा कुठे तिला आपण काय म्हणालो ते ऐकू आलं.

बाबांच्या शेडमध्ये चुन्याची बादली होती. तिने झाकण काढलं. वर पाटासारखा घट्ट थर, काठीने ठोकला तर ठोकळ्यासारखा वाजला. गेल्या वर्षीचा. त्यांनी उरलेला ठेवला होता, पुढच्या वर्षी भिजवू म्हणून... बादली तशीच टाकून ती बाहेर आली तर समोरून मॅव्हिसमावशी चढ चढत होती, छातीवर हात, पायात घरातल्या सपाता.

"बघितलंस?" मावशी धापा टाकत म्हणाली. "मी स्वयंपाकघरातून बघितलं. म्हटलं मोतीबिंदू वाढला की काय."

"काकांना फोन—"

"त्याचा फोन पावाच्या डब्यात वाजतोय. समुद्रात पडेल म्हणून ठेवून जातो. तटरक्षकांना केला. त्यांचा पोरगा विचारतो, नाव संकटात आहे का? म्हटलं, अजून नाही बाळा, पण थोडं थांबलास तर होईल. म्हणाला, लक्ष ठेवतो." मावशीने भिंतीकडे बघितलं. "मेल्यांनी झाडून सगळी रंगवली. कोपरासुद्धा सोडला नाही."

"खांबाला चादर गुंडाळली तर? करड्यावर पांढरा खांब दिसेल."

"खांबापाशी पाणी आलंय पोरी. आता तुझ्या गळ्याएवढं असेल."

मग लिनेटने वर बघितलं, खिडकीकडे, आणि मावशीने तिच्या डोळ्यांच्या मागोमाग वर बघितलं, आणि तिचा चेहरा बदलला.

"नाही हं. त्या खिडकीतून कापड नाही."

त्या खिडकीतलं कापड म्हणजे दार बंद आहे. लाटा फुटताहेत, येऊ नका, दक्षिणेच्या मोठ्या बंदरात जा. आईच्या हाताशी त्यासाठी एक टेबलक्लॉथ घडी घालून ठेवलेला असायचा. आणि एकदा... लिनेट सहा-सात वर्षांची होती, अंथरूण ओलं झालं होतं, कुणाला कळू नये म्हणून तिने गादीची धुतलेली खोळ गुपचूप त्या खिडकीबाहेर वाळत टाकली होती. लख्ख दिवस होता, समुद्र ताटात ओतल्यासारखा. गावच्या साऱ्या नावा एकामागून एक वळल्या आणि मोठ्या बंदराला गेल्या. संध्याकाळी बसमधून पुरुषमाणसं घरी आली, रबरी बुटांत, खवल्यांनी चमकणारी, बसचा ड्रायव्हर खिडक्या उघडून बसलेला. काही चिडलेले, बाकीचे इतके हसत होते की उतरता येईना. ऑस्विनकाका तेव्हा तरुण होते. पुढे कितीतरी वर्षं रस्त्यात भेटले की विचारायचे, काय बाईसाहेब, आज आईने खिडकीत कापड लावलंय का, जाऊ का बसने? बाबा हसले नव्हते. रागावलेही नव्हते. पलंगाच्या कडेवर बसून म्हणाले होते, "तुझं गुपित कुणाला कळलं नाही बघ. त्यांना वाटलं आई घाबरली." आणि आईने, जिला कधी कशाची भीती वाटली नाही, ते स्वतःवर घेतलं होतं.

"मोठ्या बंदरापर्यंत गेले तर?" लिनेटने विचारलं.

"या लाटांत? त्या खोकणाऱ्या इंजिनावर? धुकं पाठीवर घेऊन?" मावशीने मान हलवली. "नाही पोहोचायचा. दाराशी तरी पोहोचेल."

"मग कापड हललं नाही तर?"

"म्हणजे?"

"फडफडलं तर ते कापड. सपाट राहिलं तर..." तिने भिंतीला हात लावला, हात उचलला, तळवा करडा झाला. "रंग ओला आहे, मावशी. चिकटेल."

मावशीने तिच्या तळव्याकडे बघितलं. मग सपाता काढून बाजूला ठेवल्या, जणू घरात शिरायचं होतं.

लिनेट वर पळाली, पलंगावरची नीट घातलेली चादर ओढून काढली, गाठोड्यातली दुसरी घेतली. दोन्हींच्या कडा खिडकीच्या उंबऱ्यावर एकीवर एक ठेवून तिने खिडकी खाली दाबली, सगळं वजन टाकून, लाकूड किंचाळलं आणि बसलं. बाहेर येऊन बघते तर दोन्ही चादरी वाऱ्यावर उठल्या होत्या, सरळ आडव्या, साऱ्या समुद्राला सांगत होत्या — जा, जा, जा.

"ओढ!" मावशी ओरडली.

त्यांनी त्या ओढल्या. एकमेकींवर पदरभर चढवून मधली कड तळव्यांनी रंगात दाबली, मग शिडीवर चढून वरचा भाग, मग पुन्हा खाली, आतून बाहेर, कणीक पसरावी तसं. वारा समुद्राकडून होता, त्यामुळे मधे तो चादरींना स्वतःच भिंतीवर दाबून धरत होता, पण कडांखाली शिरला की सगळं उचलायचा. मधला भाग चिकटला. कडा चिकटेनात. शेवटी मावशी डाव्या कडेला गेली, लिनेट उजव्या, आणि दोघींनी हात वर-खाली पसरून आपापली कड अंगाखाली दाबली, तोंड भिंतीकडे.

"मधे सरकू नकोस," मावशी म्हणाली. "दुसरा खांब दिसेल. मधे दोन खांब बघून म्हातारा म्हणेल, आपण प्यायलो कधी."

लिनेटला हसू आलं. गाल ओल्या कापडाला टेकला होता. कापडातून रंग हळूहळू वर येत होता, फिका, साईसारखा. तो पूर्ण वर यायला किती वेळ लागेल, चादर पांढरी किती वेळ राहील... मागे समुद्र होता. फक्त ऐकू येत होता. लाट खडकांच्या कडेवर आपटायची, मग ओढल्या गेलेल्या गोट्यांचा खळखळाट, मग मधली शांतता, आणि त्या शांततेत ती कान ताणायची. पाठीवर हवा एकदम गार झाली. धुकं पोहोचलं होतं.

"मेले कंपनीवाले," मावशी भिंतीशीच बोलल्यासारखी म्हणाली. "विचारायचं तरी."

लिनेटच्या बोटांत कड ताठ झाली. आता. आता नाही तर... तिने तोंड उघडलं, ओठांना कापड लागलं.

"मावशी, रंग—"

"मला माहीत आहे." मावशीचा आवाज वाऱ्यातून सरळ आला, त्यात काही चढउतार नव्हता. "तूच दाखवलास की दुकानात. गोल केलेला. मी घरी जाऊन त्याला सांगितलं, पोरगी भिंत करडी करतेय सोमवारी. तो पाव खात होता. म्हणाला, करू दे."

"करू दे?"

"म्हणाला, तिच्या बापाला, कथबर्टला, जाऊन वर्ष झालेलं नाही. वर्षभर त्या घराला काही सांगायचं नाही. तुला काय इथली रीत माहीत नाही? तू लहान असताना आई गेली, तुझ्या बापाने काय काय केलं, कुणी बोललं का? मयत झालेल्या घराला वर्षभर कुणी उलटून बोलत नाही. तो म्हणाला, फेब्रुवारीत जाऊन मी स्वतः चुना काढेन, तोवर स्क्रीनवर चालवतो." मग जरा थांबून, "ती मेली स्क्रीन."

लाट आपटली. गोटे खळखळले.

तर ते सगळे वाट बघत होते. हवेबद्दल बोलत, टोपीला हात लावत, हिरव्या भिंतीवरून नजर काढून घेत... मी त्यांना ऐकत होते आणि ते बोलत नव्हते म्हणून मला वाटलं तिथे कुणी नाही. चार महिने मी एका बंद दारावर डोकं आपटत होते, आणि आतली माणसं आवाज होऊ नये म्हणून पावलं न वाजवता चालत होती. तिला राग आला. मग कुणावर ते कळेना. त्यांनी एकदा, एकदाच म्हटलं असतं, मूर्ख पोरी, भिंत... आणि मी? मी एकदा विचारलं असतं. रीत तिलाही माहीत होती. ती कुणीतरी आपल्यासाठी पाळत असेल हे मात्र तिच्या मनात आलं नव्हतं. पुस्तकांतल्या मौनांचे अर्थ ती अचूक लावायची.

वाऱ्याचा झोत आला, खालून, आणि तिच्या गुडघ्याशी चादर सुटली. फट् — एकदाच फडफडली. तिने गुडघा मारून ती दाबली, मग पाय, मग सगळं अंग. एकदाच. एकदा फडफडलेलं समुद्रावरून दिसतं का? धुक्यातून काही दिसत तरी असेल का? तिला माहीत नव्हतं. इतकी वर्षं या भिंतीच्या आत झोपूनही ती तिकडून कशी दिसते, केवढी दिसते, धुक्यात कुठून दिसायला लागते, यातलं काहीच तिला माहीत नव्हतं.

"ऐक," मावशी म्हणाली.

ठक, ठक-ठक. ठक. इंजिन. खोकल्यासारखं. धुक्यात आवाज कुठून येतो कळत नाही. कधी डावीकडून, कधी थेट मानेमागून.

"वळताहेत का? दक्षिणेकडे?"

"मागे बघू नकोस. मान वळली की खांदा वळेल."

लिनेटने मान वळवली नाही. डोळ्यांसमोर विणलेल्या सुताची आडवी-उभी वीण होती, तिच्यामागे करडा, आणि त्या करड्याच्याही मागे कुठेतरी बाबांचा चुना, वर्षांवर वर्षं, थरांवर थर. आई गेली तो आठवडा एप्रिलचा होता. दफन झालं आणि दुसऱ्या सकाळी बाबा शिडी घेऊन भिंतीशी. पंधरा वर्षांची लिनेट खालून बादल्या देत होती आणि तिला फक्त त्यांची पाठ दिसत होती. दिवसभर, आणि पुढचा दिवसभर, ती रुंद, ओली, काही न बोलणारी पाठ. जन्मभर ती त्या पाठीचा राग धरून राहिली. संध्याकाळी ते उतरले तेव्हा पापण्यांवर पांढरे कण होते आणि डोळे लाल झाले होते, आणि तिने विचारलं होतं — रागानेच विचारलं होतं — काय झालं? चुना गेला, ते म्हणाले होते. आणि तिने त्यांना डोळे धुवायला पाणी आणून दिलं होतं.

इथे, असं, भिंतीला नाक लावून उभं राहिलं की कुणालाच चेहरा दिसत नाही. ना गावाला, ना समुद्राला, ना खाली बादली घेऊन उभ्या असलेल्या कुणाला...

ओठांपाशी कापड ओलं होतं. खारटही होतं, समुद्राचे तुषार इथवर येत असावेत.

इंजिनाचा आवाज जवळ आला, मोठा झाला, मग एका लाटेच्या आवाजाखाली गेला आणि पुन्हा वर आला नाही. किंवा आला, तिला ओळखू आला नाही. तिची मूठ दुखत होती. कड बोटांतून एकेक धागा सरकत होती.

"मावशी?"

"धरून ठेव."

तिने हात आणखी वर ताणला, गाल आणखी घट्ट टेकवला, आणि त्या गार, जाड, थरांवर थर चढलेल्या भिंतीला समुद्राकडे पाठ करून धरून राहिली.